निरीक्षणात्मक माहितीपट आणि यवतमाळचा कापूस-हंगाम : मिका पेलेड यांच्या 'बिटर सीड्स'ची चिकित्सा

बीजसंज्ञा : माहितीपट, निरीक्षणात्मक पद्धत, कोरडवाहू कापूस, शेतकरी आत्महत्या, पंचनामा, यवतमाळ

प्रस्तावना

१९ मार्च १९८६ रोजी यवतमाळ जिल्ह्यातील चिलगव्हाण (ता. महागाव) येथील शेतकरी साहेबराव करपे यांनी पत्नी व मुलांसह पवनार येथे जीवन संपविले. महाराष्ट्रातील शेतकरी आत्महत्येची पहिली जाहीर नोंद म्हणून ही घटना सांगितली जाते. त्यानंतर वीस वर्षांनी, २००६ मध्ये, तत्कालीन पंतप्रधान डॉ. मनमोहन सिंग यांनी विदर्भाचा दौरा केला आणि अमरावती, अकोला, यवतमाळ, बुलढाणा, वाशीम व वर्धा या सहा जिल्ह्यांसाठी ३,७५० कोटी रुपयांचे पॅकेज जाहीर करण्यात आले. तोपर्यंत यवतमाळ हे नाव देशातील वृत्तवाहिन्यांना चांगलेच परिचित झाले होते. ज्या जिल्ह्याकडे कापसाचा जिल्हा म्हणून पाहिले जात होते, त्याच्याकडे पुढे मरणाचा जिल्हा म्हणून पाहिले जाऊ लागले.

या बदललेल्या दृष्टीत कॅमेऱ्याचा वाटा मोठा आहे. वृत्तवाहिनीचा कॅमेरा घटना घडल्यानंतर गावात येतो. घराच्या ओसरीवर बसलेली विधवा, भिंतीवरील हार घातलेले छायाचित्र, शेजाऱ्यांची दोन वाक्ये आणि कर्जाचा एक आकडा, एवढे टिपून तो परत जातो. ही माहिती खोटी नसते; परंतु ती शेवटापासून सुरू होते आणि शेवटापाशीच थांबते. ज्या वर्षभरात एक कुटुंब हळूहळू कोंडीत सापडत गेले, ते वर्ष तिच्यात नसते.

हे वर्ष पडद्यावर आणण्याचा एक लक्षणीय प्रयत्न मिका एक्स. पेलेड या स्वतंत्र माहितीपटकाराने 'बिटर सीड्स' (२०११) या चित्रपटात केला. यवतमाळ जिल्ह्यातील तेलंग टाकळी या गावात पेरणीपासून वेचणीपर्यंतचा एक हंगाम या माहितीपटात चित्रित झाला आहे. प्रस्तुत लेखात या माहितीपटाच्या निरीक्षणात्मक पद्धतीची चिकित्सा केली आहे. ही पद्धत यवतमाळच्या वास्तवाविषयी असे काय दाखवू शकते, जे बातमीला व शासकीय पंचनाम्याला दाखविता येत नाही, आणि ती स्वतःच्या तत्त्वापासून कोठे ढळते, हे दोन प्रश्न येथे मध्यवर्ती आहेत.

निरीक्षणात्मक पद्धत : संकल्पना आणि वाद

माहितीपटाच्या इतिहासात १९६० च्या सुमारास एक महत्त्वाचे वळण आले. खांद्यावर घेता येण्याजोगा हलका कॅमेरा आणि त्याच्याशी जुळवून ध्वनी मुद्रित करणारे सुटसुटीत यंत्र उपलब्ध झाल्यामुळे चित्रण-पथकाला माणसांच्या मागोमाग त्यांच्या घरांत, कचेऱ्यांत व रस्त्यांवर जाता येऊ लागले. तोपर्यंत चित्रे मागे आणि अधिकारवाणीचे निवेदन पुढे, अशी माहितीपटाची रूढ रचना होती. रॉबर्ट ड्रू, रिचर्ड लीकॉक, डी. ए. पेनबेकर, मेझल्स बंधू प्रभृतींनी अमेरिकेत या निवेदनाला बाजूला सारले. घटना घडत असताना तेथे असणे, हस्तक्षेप न करणे, प्रश्न न विचारणे आणि अर्थ लावण्याचे काम प्रेक्षकावर सोपविणे, ही या पद्धतीची सूत्रे मानली गेली. चित्रपटाभ्यासक बिल निकोल्स यांनी माहितीपटांचे जे प्रकार कल्पिले, त्यांत 'निरीक्षणात्मक' हा एक स्वतंत्र प्रकार मानला आहे.

याच काळात फ्रान्समध्ये ज्याँ रूश व एडगर मोरँ यांनी वेगळी वाट धरली. 'क्रॉनिकल ऑफ अ समर' (१९६१) मध्ये चित्रपटकर्ते स्वतः पडद्यावर येतात, माणसांना बोलते करतात आणि चित्रित केलेला भाग त्याच माणसांना दाखवून त्यांच्या प्रतिक्रियाही चित्रपटात समाविष्ट करतात. कॅमेऱ्याच्या उपस्थितीने वास्तव बदलते, तर तो बदल लपविण्याऐवजी दाखवावा, अशी त्यांची भूमिका होती. पुढे डेव्हिड मॅकडूगल यांनी १९७५ मधील आपल्या निबंधात निरीक्षणात्मक चित्रपटाच्या एका मूलभूत विसंगतीवर बोट ठेवले. निरीक्षक स्वतःला अदृश्य मानतो. परंतु ज्यांचे निरीक्षण होत असते, त्यांना तो दिसत असतोच. त्याच्या मौनाचाही त्यांच्यावर परिणाम होतो.

भारतात १९४८ मध्ये स्थापन झालेल्या फिल्म्स डिव्हिजनने माहितीपटाची जी सवय प्रेक्षकांना लावली, ती प्रामुख्याने निवेदनप्रधान होती. स्वतंत्र माहितीपटकारांनी ती सवय मोडली. पण त्यांच्यापुढे एक वेगळा नैतिक प्रश्न उभा राहिला. आनंद पटवर्धन यांच्या 'हमारा शहर' (१९८५) मध्ये मुंबईतील झोपडी पाडली गेलेली एक स्त्री चित्रपटकर्त्यालाच धारेवर धरते. गरिबांची चित्रे काढून तुम्हाला नाव मिळेल, आम्हाला काय मिळणार, असा तिचा रोख आहे. पटवर्धन यांनी तो प्रसंग संकलनात वगळला नाही. दुःखाचे चित्रण करणाऱ्या प्रत्येक माहितीपटकाराला या स्त्रीच्या प्रश्नाचे उत्तर आपापल्या पद्धतीने द्यावे लागते. पेलेड यांनाही ते चुकलेले नाही.

पेलेड यांची त्रयी आणि तेलंग टाकळी

इस्रायलमध्ये जन्मलेले व सॅन फ्रान्सिस्को येथे स्थायिक झालेले पेलेड यांनी जागतिकीकरणावर तीन माहितीपट केले. 'स्टोअर वॉर्स' (२००१) मध्ये अमेरिकेतील एका लहान शहरात वॉलमार्टचे दुकान येऊ घातल्यामुळे निर्माण झालेला संघर्ष आहे. 'चायना ब्लू' (२००५) मध्ये चीनमधील जीन्स-कारखान्यात काम करणाऱ्या किशोरवयीन मुलीचे जीवन आहे. 'बिटर सीड्स' मध्ये त्या जीन्ससाठी लागणाऱ्या कापसापर्यंत कॅमेरा पोहोचतो. म्हणजे ही त्रयी दुकानातून कारखान्यात आणि कारखान्यातून शेतात, अशी उलट दिशेने प्रवास करते. ग्राहकाच्या हातातील वस्तूचा मागोवा घेत उत्पादकापर्यंत जाण्याची ही कल्पना समर्पक आहे. यवतमाळच्या वाचकाला तीत आणखी एक ऐतिहासिक धागा दिसेल. यवतमाळ–मूर्तिजापूर ही 'शकुंतला' रेल्वे विसाव्या शतकाच्या आरंभी बांधली गेली, ती येथील कापूस मुंबई बंदरामार्गे इंग्लंडमधील गिरण्यांकडे नेण्यासाठीच. या जिल्ह्याचा कापूस जागतिक बाजाराशी जोडला जाण्याची प्रक्रिया १९९१ नंतर सुरू झालेली नाही.

'बिटर सीड्स' मध्ये दोन व्यक्तिरेखा मध्यवर्ती आहेत. एक, कापूस पिकविणारा मध्यमवयीन शेतकरी. लागवडीसाठी त्याला सावकाराकडून कर्ज घ्यावे लागते, जमीन तारण द्यावी लागते, पिकावर कीड येते आणि त्याच वर्षी मुलीच्या लग्नाचा व हुंड्याचा प्रश्नही उभा असतो. दुसरी, त्याच गावातील एक तरुणी. तिच्या वडिलांनी आत्महत्या केलेली आहे आणि घरच्या विरोधाला तोंड देत तिला पत्रकार व्हायचे आहे. शेजारच्या शेतकऱ्याची परिस्थिती हा तिच्या पहिल्या लेखनाचा विषय होतो. यांखेरीज बियाणे विकणारे, सावकार, कार्यकर्ते, वंदना शिवा यांच्यासारख्या जनुकीय बियाण्यांच्या विरोधक आणि बियाणे-कंपनीचे प्रतिनिधी यांनाही चित्रपटात स्थान आहे.

हंगाम हीच संहिता

निरीक्षणात्मक चित्रपटाला आधी लिहिलेली पटकथा नसते. मग त्याला आकार कोठून मिळतो? 'बिटर सीड्स' मध्ये तो कापसाच्या हंगामातून मिळतो, आणि हेच या चित्रपटाचे सर्वांत मोठे बळ आहे.

कोरडवाहू कापसाचे अर्थकारण ज्यांना जवळून ठाऊक आहे, त्यांना या निवडीचे महत्त्व सहज लक्षात येईल. मृगाच्या आधीची मशागत, पाऊस पडताच पेरणी, पावसाने दडी मारल्यास दुबार पेरणी, मग डवरणी, निंदण, खताचे हप्ते, फवारण्या, पाते-फुले धरणे, बोंडे फुटणे आणि दिवाळीच्या आगेमागे सुरू होणारी वेचणी, हा क्रम येथील शेतकऱ्याच्या वर्षाचा कणा आहे. या क्रमातील प्रत्येक पायरी खर्चाची आहे. उत्पन्नाची पायरी केवळ शेवटची. जून ते ऑक्टोबर पैसा फक्त घराबाहेर जातो आणि तो बहुधा उसनवारीचा असतो. म्हणून कापसाच्या हंगामाचा आकार आणि कर्जाचा आकार एकच असतो. हंगाम जसजसा पुढे सरकतो, तसतसा शेतकऱ्याचा मागे फिरण्याचा मार्ग बंद होत जातो. जुलैमध्ये पेरलेले शेत सोडून देता येत नाही, कारण त्यात अडकलेले कर्ज ऑक्टोबरच्या बोंडाशिवाय फिटणार नसते.

ही गोष्ट आकडेवारीतून सांगता येते. पण तिचा अनुभव देण्यासाठी काळ जावा लागतो. 'बिटर सीड्स' तो काळ जाऊ देतो. बियाण्याच्या खरेदीपासून सुरू झालेली आशा किडीच्या प्रादुर्भावापर्यंत येऊन कशी ओसरते, हे प्रेक्षकाला निवेदनातून कळत नाही. एकाच माणसाला वेगवेगळ्या महिन्यांत पाहिल्याने कळते.

बियाण्याचा व्यवहारही येथे लक्षात घेण्यासारखा आहे. भारतात बीटी कापसाला मार्च २००२ मध्ये व्यापारी लागवडीची परवानगी मिळाली आणि काही वर्षांतच ४५० ग्रॅमचे बियाणे-पाकीट हे कृषिकेंद्रावरील सर्वांत महत्त्वाचे पाकीट झाले. भारतात हे तंत्रज्ञान प्रामुख्याने संकरित वाणांतून आले. संकरित वाणाचे घरचे बी पुढील वर्षी तसेच उत्पन्न देत नाही. परिणामी बियाणे ही दरवर्षी रोखीने वा उधारीने विकत घेण्याची वस्तू झाली. गावोगाव फिरून बियाण्याची जाहिरात करणारे विक्रेते चित्रपटात दिसतात, तेव्हा मेझल्स बंधूंच्या 'सेल्समन' (१९६९) या निरीक्षणात्मक चित्रपटाची आठवण होते. त्यात बेताच्या परिस्थितीतील कुटुंबांना घरोघर जाऊन बायबलच्या महागड्या प्रती विकणारे विक्रेते आहेत. दोन्हीकडे विक्री वस्तूची दिसते, पण व्यवहार होतो तो भरवशाचा. असे व्यवहार घडताना पाहणे हे निरीक्षणात्मक पद्धतीचे खास सामर्थ्य आहे. मुलाखतीत सांगितलेला व्यवहार आणि डोळ्यांसमोर घडलेला व्यवहार यांत फार अंतर असते.

पंचनामा, बातमी आणि कॅमेरा

यवतमाळमधील शेतकऱ्याच्या मृत्यूचे निरीक्षण करणारी आणखी एक यंत्रणा आहे, ती म्हणजे शासन. आत्महत्येनंतर पंचनामा होतो, तलाठी व तहसीलदार यांचे अहवाल जातात आणि जिल्हाधिकाऱ्यांच्या अध्यक्षतेखालील समिती प्रकरण 'पात्र' की 'अपात्र' हे ठरविते. पात्र कुटुंबाला १ लाख रुपयांची मदत मिळत आली आहे. पात्रतेसाठी पाहिल्या जाणाऱ्या गोष्टी मोजक्या आहेत : जमीन मृताच्या किंवा कुटुंबाच्या नावे आहे काय, कर्ज बँकेचे, सहकारी संस्थेचे वा परवानाधारक सावकाराचे आहे काय, ते थकीत असून वसुलीचा तगादा होता काय.

या प्रश्नावलीमागील प्रशासकीय गरज नाकारण्याचे कारण नाही. परंतु तिच्या चाळणीतून काय निसटते, हे पाहणे उद्बोधक आहे. विनापरवाना सावकाराचे कर्ज कागदावर कर्ज नसतेच. अनेकदा तारण म्हणून चक्क खरेदीखत करून घेतलेले असते आणि सातबारा पाहिला तर जमीन विकली गेल्यासारखी दिसते. मुलीच्या लग्नासाठी काढलेला पैसा 'शेतीचे कर्ज' या सदरात बसत नाही. ज्या स्त्रीने आयुष्यभर पऱ्हाटीत राबून काढले, तिच्या नावे सातबारा नसेल तर तिची शेतकरी म्हणून नोंदच होत नाही. मक्त्याने वा बटाईने शेती करणाऱ्याची गतही तीच.

'बिटर सीड्स' मधील शेतकऱ्याचे वर्ष या सर्व निसटणाऱ्या गोष्टींनीच भरलेले आहे. सावकार, तारण ठेवलेली जमीन, मुलीचे लग्न, हुंडा आणि किडीने धरलेले पीक या बाबी पंचनाम्यात वेगवेगळ्या रकान्यांत जातील किंवा कोणत्याच रकान्यात जाणार नाहीत. चित्रपटात त्या एकाच घरात, एकाच काळात, एकमेकींवर परिणाम करीत वावरतात. शेतीचा पैसा आणि घराचा पैसा हे दोन वेगळे पैसे नसतात, हे कोरडवाहू कुटुंबाच्या अर्थव्यवस्थेचे मूलभूत सत्य कोणत्याही अहवालापेक्षा हा चित्रपट अधिक स्पष्टपणे समोर ठेवतो. निरीक्षणात्मक पद्धतीचे यवतमाळच्या संदर्भातील खरे मोल येथे आहे. पंचनामा मृत्यूचे कारण शोधतो आणि बातमी मृत्यूचा परिणाम दाखविते. मृत्यूच्या आधीचे, अजून काहीही ठरलेले नसलेले वर्ष पाहण्याची शक्यता केवळ थांबून राहणाऱ्या कॅमेऱ्याला असते.

गावातील निरीक्षक

पत्रकार होऊ पाहणारी तरुणी ही या चित्रपटातील सर्वांत विचारप्रवर्तक योजना आहे. तिच्यामुळे चित्रपटात निरीक्षणाचे दोन स्तर तयार होतात. परदेशी दिग्दर्शक गावाला पाहतो आणि गावातीलच एक मुलगी स्वतःच्या गावाला पाहायला शिकते. ती जे प्रश्न शेजाऱ्याला विचारते, ते काही प्रमाणात दिग्दर्शकाचेच प्रश्न आहेत. पण तिच्या तोंडून आल्यामुळे त्यांना वेगळे वजन येते, कारण ती स्वतः त्या अनुभवातून गेली आहे.

टीकाकाराला येथे एक शंका घेता येईल. प्रश्न न विचारणे हे निरीक्षणात्मक पद्धतीचे सूत्र असेल, तर दिग्दर्शकाने आपले प्रश्न एका पात्रावर सोपविणे ही पळवाट ठरत नाही काय? 'चायना ब्लू' मध्येही कामगार मुलीच्या रोजनिशीचा आधार कथनासाठी घेतला होता. तेव्हा पेलेड यांच्या चित्रपटांत अंतर्गत निवेदकाची ही योजना नवी नाही. ही शंका रास्त आहे; मात्र तिच्यामुळे योजनेचे मूल्य कमी होत नाही. विदर्भाच्या शेतीवरील बहुतेक चित्रणांत स्त्री ही विधवा म्हणून येते. तिला बोलावयास सांगितले जाते ते गेलेल्या पुरुषाविषयी. येथे आत्महत्याग्रस्त कुटुंबातील मुलगी साक्षीदाराच्या जागेवरून उठून नोंद करणाऱ्याच्या जागी बसते. तिच्या घरातील विरोध, मुलीने असे गावभर फिरून लोकांना विचारीत बसावे काय हा प्रश्न, हाही कृषिसंकटाइतकाच त्या गावाच्या वास्तवाचा भाग आहे. शुद्ध पद्धतीचा आग्रह धरला असता तर हा पैलू हाती लागला नसता.

निरीक्षणातील तडे

'बिटर सीड्स' मध्ये निरीक्षणाचे तत्त्व दोन ठिकाणी तडकते.

पहिला तडा उत्कंठेचा आहे. चित्रपटाच्या प्रसिद्धिसाहित्यात मध्यवर्ती शेतकऱ्याचा परिचय आत्महत्येच्या वाटेवर असलेला संभाव्य माणूस असाच करून दिला आहे. भारतात दर तीस मिनिटांना एक शेतकरी आत्महत्या करतो, हे विधानही त्याच्या जोडीला आहे. परिणामी प्रेक्षक पहिल्यापासूनच एका प्रश्नाचे उत्तर शोधत बसतो : हा माणूस जगणार की नाही? ज्या वर्षात अजून काही ठरलेले नाही, ते वर्ष दाखविण्याचे सामर्थ्य पद्धतीने मिळविले. ते या चौकटीने हिरावून घेतले. मग किडीचा प्रादुर्भाव ही शेतीतील घटना राहत नाही, ती कथेतील कलाटणी होते. लग्नाची बोलणी ही घरातील आनंदाची व काळजीची गोष्ट राहत नाही, ती संकटाच्या यादीतील आणखी एक बाब होते. अशा परिस्थितीतून जाणारी असंख्य कुटुंबे या जिल्ह्यात आहेत. त्यांतील बहुसंख्य माणसे मरत नाहीत. ती पुढच्या मृगाची तयारी करतात. त्यांच्या टिकून राहण्याचे स्वरूप काय, नातेवाइकांची उसनवारी, बायकांची मजुरी, शेळ्या विकणे, मुलाला शहरात कामाला पाठविणे यांतून घर कसे तरते, हा तितकाच मोठा विषय आहे आणि मृत्यूच्या उत्कंठेत तो दुय्यम ठरतो.

येथे नैतिक प्रश्नही उद्भवतो. एखादा माणूस विनाशाकडे जाईल असे गृहीत धरून त्याचे चित्रण करीत राहणे आणि त्यात हस्तक्षेप न करणे, याचे समर्थन कोणत्या आधारावर करावयाचे? अलिप्तता हे तत्त्व निवडणूक-प्रचाराच्या चित्रणात निरुपद्रवी असते. कर्जबाजारी घराच्या ओसरीवर ते तसे राहत नाही. रूश व मोरँ यांनी चित्रित माणसांची प्रतिक्रिया चित्रपटातच घेतली, पटवर्धन यांनी जाब विचारणाऱ्या स्त्रीला पडद्यावर जागा दिली. कॅमेरा आणि शेतकरी यांच्यातील नाते असे उघडपणे मांडले असते, तर 'बिटर सीड्स' अधिक प्रामाणिक झाला असता.

दुसरा तडा युक्तिवादाचा आहे. चित्रपटाचे शीर्षकच दोष बियाण्यावर ठेवते आणि तज्ज्ञांच्या व कंपनी-प्रतिनिधींच्या मुलाखतींमुळे गावातील निरीक्षण एका जागतिक वादाचा पुरावा म्हणून वापरले जाते. बीटी कापूस आणि आत्महत्या यांचा संबंध अभ्यासकांमध्ये वादग्रस्त आहे. आंतरराष्ट्रीय अन्न धोरण संशोधन संस्थेच्या २००८ मधील अभ्यासाने बीटी कापूस हे आत्महत्यांचे अनिवार्य किंवा पुरेसे कारण नाही असे म्हटले. मात्र विशिष्ट प्रदेशांत व विशिष्ट वर्षांत कर्जबाजारीपणा वाढविण्यास त्याचा हातभार लागला असण्याची शक्यता त्याने नाकारली नाही. चिलगव्हाणची घटना बीटी येण्याच्या सोळा वर्षे आधीची आहे, हेही विसरता येत नाही. चित्रपटातील गावाकडचा भाग प्रत्यक्षात हेच गुंतागुंतीचे सत्य सांगतो : सिंचनाचा अभाव, सावकारी, हुंडा, कीड आणि महाग बियाणे यांची एकत्र गुंफण. मुलाखतींचा भाग मात्र त्यातील एक धागा वेगळा काढून त्यालाच दोर म्हणतो. निरीक्षणाने जे जटिल केले, ते निवेदनाने सोपे केले, असे येथे म्हणावे लागते.

दोन समकालीन माहितीपट

याच सुमारास याच प्रदेशावर झालेले दोन माहितीपट तुलनेसाठी उपयुक्त आहेत. दीपा भाटिया यांच्या 'नीरोज गेस्ट्स' (२००९) मध्ये कॅमेरा पत्रकार पी. साईनाथ यांच्यासोबत फिरतो, कधी विदर्भातील घरांत, कधी शहरांतील व्याख्यानांत. टॅसिटसने वर्णन केलेल्या नीरोच्या मेजवानीत माणसे जाळून उजेड केला गेला. त्या उजेडात जेवणारे पाहुणे कोण होते, हा साईनाथ यांचा प्रश्न चित्रपटाच्या केंद्रस्थानी आहे. येथे निरीक्षणाचा विषय शेतकऱ्यापेक्षा शेतकऱ्याकडे न पाहणारा समाज हा आहे. नंदन सक्सेना व कविता बहल यांच्या 'कॉटन फॉर माय श्राउड' (२०११) ला एकोणसाठाव्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत सर्वोत्कृष्ट शोधपटाचा पुरस्कार मिळाला. त्याची पद्धत शोधाची आहे. धोरण, कंपन्या आणि शासन यांना तो थेट जाब विचारतो.

हे दोन्ही चित्रपट आपली बाजू लपवीत नाहीत आणि म्हणून त्यांच्याकडून अलिप्ततेची अपेक्षाही निर्माण होत नाही. 'बिटर सीड्स' ची अडचण अशी की, तो निरीक्षणाची विश्वसनीयता आणि शोधपटाचा निष्कर्ष हे दोन्ही एकाच वेळी मागतो. तथापि एका गोष्टीत तो इतर दोहोंच्या पुढे आहे. त्या चित्रपटांतून बाहेर पडणाऱ्या प्रेक्षकाजवळ संताप असतो. 'बिटर सीड्स' पाहून उठणाऱ्याजवळ एका घराची ओळख असते.

भाषेचा प्रश्नही येथे नोंदविणे आवश्यक आहे. परदेशी प्रेक्षकासाठी दिलेल्या इंग्रजी उपशीर्षकांत गावाचे बोलणे अर्थापुरते उतरते. वऱ्हाडी बोलण्यातील आडवळणाचा नकार, थट्टेच्या आवरणाखालील काळजी, सावकाराशी बोलताना बदलणारे संबोधन यांतून जे सामाजिक अंतर व्यक्त होते, ते उपशीर्षकांत येत नाही. म्हणून हा चित्रपट यवतमाळच्या प्रेक्षकाला वेगळा आणि ॲमस्टरडॅमच्या प्रेक्षकाला वेगळा दिसणार. निरीक्षण हे केवळ डोळ्यांचे काम नसून कानांचेही आहे, आणि या बाबतीत स्थानिक चित्रपटकर्त्याला जो लाभ आहे, तो परक्याला कितीही काळ राहून पूर्णपणे मिळत नाही.

निष्कर्ष

२०१७ च्या खरिपात यवतमाळ जिल्ह्यात कापसावर फवारणी करताना विषबाधा होऊन सुमारे २० शेतकरी व शेतमजूर दगावले. त्याच वर्षी गुलाबी बोंडअळीने बीटी कापसाचे मोठे नुकसान केले. तेव्हाही कॅमेरे आले ते रुग्णालयात. फवारणीचा पंप पाठीवर घेऊन माणसापेक्षा उंच झालेल्या पऱ्हाटीत शिरणाऱ्या मजुराचा ऑगस्ट महिना कोणी पाहिला नव्हता. 'बिटर सीड्स' मधील पद्धतीची गरज संपलेली नाही, हे यावरून स्पष्ट होते.

या चिकित्सेतून पुढील निष्कर्ष निघतात.

१. निरीक्षणात्मक पद्धत कापसाच्या हंगामाला संहिता मानते, तेव्हा कर्जाच्या वाढीची प्रक्रिया ती प्रत्यक्ष दाखवू शकते. बातमी व पंचनामा यांना हे साधत नाही.

२. शेतीचे व घराचे अर्थकारण अविभाज्य आहे, हे 'बिटर सीड्स' चे सर्वांत महत्त्वाचे दर्शन आहे; शासकीय मदतीच्या निकषांचा फेरविचार करण्यासाठीही ते उपयोगी आहे.

३. मृत्यूची उत्कंठा आणि एककारणी युक्तिवाद या दोन गोष्टींमुळे चित्रपट आपल्याच निरीक्षणावर अविश्वास दाखवितो.

४. गावातील तरुणीला निरीक्षकाची जागा देणे ही त्याची सर्वांत आश्वासक दिशा आहे. ध्वनिचित्रमुद्रणाची साधने आता महाविद्यालयीन विद्यार्थ्यांच्याही हाती आली आहेत. मराठी, समाजशास्त्र व अर्थशास्त्र या विभागांनी एकत्र येऊन एका गावाचा एक हंगाम नोंदविण्याचे काम हाती घेतल्यास, परक्या कॅमेऱ्याला जे ऐकू आले नाही ते नोंदविले जाऊ शकेल. असे चित्रण प्रथम त्याच गावाच्या चावडीवर दाखविले जावे, एवढी एक अट त्याला असावी. 'हमारा शहर' मधील स्त्रीने विचारलेल्या प्रश्नाचे उत्तर देण्याची सुरुवात तेथूनच होऊ शकते.